तुरुंगातल्या भावाला कोणतं पुस्तक पाठवू?

वाचकाचं पत्र

मावशी, मी हर्णैची. धाकटा भाऊ बोटीवर खलाशी होता. चार महिन्यांपूर्वी बंदरावर जाळ्यांवरून भांडण झालं, एकाचं डोकं फुटलं, आणि पोलिसांनी ज्यांना नेलं त्यात हाही गेला. आरोपपत्र दाखल झालंय, जामीन अजून नाही. आई संध्याकाळी मासळीच्या लिलावाला बसते आणि घरी आली की एकच विचारते, “तो आत्ता काय करत असेल?” मला काही सांगता येत नाही. वाचनालयात तुरुंगावरचं पुस्तक मागितलं तर तिथले काका म्हणाले, “पोरी, तुला कशाला हवंय असलं?” शेवटी दोन रहस्यकथा आणल्या, त्या वाचून रात्रभर डोळ्याला डोळा लागला नाही. तुरुंगात खरं काय असतं ते कुठे वाचायला मिळेल? ही तुरुंगाची पद्धत आली तरी कुठून? भावाने नववीतच शाळा सोडली, पण त्याला एखादं पुस्तक पाठवू का? आणि आईला काय सांगू?

उत्तर

बाय,

काका जे बोलले ते आधी मनातून काढून टाक. मी स्वतः सव्वीस वर्षं एका तालुक्याच्या गावी ग्रंथपाल होते. वाचकाने पुस्तक मागितलं की शोधून द्यायचं, नसेल तर मागवायचं, एवढंच आमचं काम. पुन्हा जा आणि जाताना पुस्तकांची नावं कागदावर लिहून ने. कागद पुढे केला की सहसा कोणी ‘कशाला’ म्हणत नाही.

आईचा प्रश्न मी पहिला घेते, कारण तो तुमच्या घरात रोज विचारला जातो.

आई लिलावात टोपलीमागे बसलेली असते, तेव्हा तुझा भाऊ बहुतेक जेवून बराकीत परत आलेला असतो किंवा यायच्या बेतात असतो. तुरुंगात संध्याकाळचं जेवण उजेड असतानाच वाटतात. मग गिनती होते, म्हणजे माणसं मोजतात, आणि बराकीला टाळं लागतं ते सकाळी उघडतं. मधले तास फार लांब असतात. कोणी भजन म्हणतं, कोणी भिंतीकडे तोंड करून पडून राहतं, कोणी वाचतं. ज्याला वाचता येत नाही तो वाचणाऱ्याच्या शेजारी येऊन बसतो. आईला हे असंच सांग: तो जेवलाय, आत आहे, आणि एकटा नाही.

मला हे ठाऊक असण्याचं कारण म्हणजे एक पत्र्याची पेटी. हिरवी, कडी मोडलेली म्हणून सुतळीने बांधलेली. नोकरीच्या शेवटच्या नऊ वर्षांत महिन्यातून एकदा त्या पेटीत चाळीसेक पुस्तकं भरून मी एका तुरुंगात न्यायचे आणि आधीची परत आणायचे. पहिल्या वर्षी मी चुकले. माणसं सुधारावीत म्हणून निवडून निवडून सुविचार, संतचरित्रं आणि व्यसनमुक्तीची पुस्तकं नेली. ती जशी गेली तशीच परत आली. मग तिथले एक वयस्कर हवालदार म्हणाले, “बाई, त्यांना विचारा तरी.” विचारलं. मागणी आली शब्दकोशाची, कायद्याच्या सोप्या पुस्तकांची, रहस्यकथांची, कॅलेंडरची आणि पाककृतींच्या एका पुस्तकाची. ते पाककृतींचं पुस्तक बराकीत मोठ्याने वाचलं जायचं. तिरफळं घातलेल्या बांगड्यांची कृती ज्या पानावर होती, त्या पानाचा खालचा कोपरा बोटं लागून लागून काळा पडला होता.

आणखी एक गोष्ट त्या पेटीतून परत यायची. वाचनालयाच्या पुस्तकात शेवटच्या पानावर एक कागद चिकटवलेला असतो, पुस्तक कधी परत करायचं त्या तारखेचा शिक्का मारायला. तुरुंगातून आलेल्या पुस्तकांत त्या शिक्क्यांच्या बाजूला पेन्सिलीने बारीक अक्षरात आणखी तारखा असायच्या. १४. मग २८. मग पुढच्या महिन्याची ११. आधी मला वाटलं कोणी तरी कसला तरी हिशेब मांडतंय. पुढे कळलं की त्या कोर्टाच्या तारखा होत्या. एका पुस्तकात तर तीन वेगवेगळ्या हस्ताक्षरांत तीन माणसांच्या तारखा खालोखाल होत्या. ते कागद मी कधी बदलले नाहीत, भरले की खाली दुसरा जोडायचे.

तुरुंग समजून घ्यायचा असेल तर ही तारीख आधी समजून घे. मारामाऱ्या आणि भिंती फोडून पळणं रहस्यकथेत असतं. तुझा भाऊ शिक्षा भोगत नाहीये, तो वाट बघतोय. कायदा त्याला न्यायाधीन बंदी म्हणतो, आतली माणसं कच्चा कैदी म्हणतात. राष्ट्रीय गुन्हे नोंदणी विभागाच्या आकड्यांप्रमाणे २०२२ च्या अखेरीला देशातल्या तुरुंगांत ५,७३,२२० माणसं होती आणि त्यांतली ४,३४,३०२ कच्ची. म्हणजे चारातल्या तिघांवरचा गुन्हा अजून शाबीत व्हायचा होता. हे आईला सांगशील ते लिलावातल्या चार बायकांच्या कानावर जाईल असं सांग.

आता पुस्तकं.

मराठीत तुरुंगातून लिहिलेलं खूप आहे, पण त्यातलं बहुतेक राजबंद्यांचं. आपण आत का आहोत हे त्यांना पक्कं ठाऊक होतं आणि बाहेर लोक त्यांच्या नावाने घोषणा देत होते. तुझ्या भावाच्या वाट्याला यातलं काही नाही. लोकमान्यांना १९०८ साली राजद्रोहाच्या खटल्यात सहा वर्षांची शिक्षा झाली आणि ब्रह्मदेशातल्या मंडालेला नेलं. तिथे त्यांनी १९१०-११ च्या हिवाळ्यात ‘गीतारहस्य’ पेन्सिलीने लिहून काढलं. जवळ शेकडो पुस्तकं होती, स्वयंपाकाला माणूस होता. त्यांना तुरुंगवास सोपा गेला असं मी मुळीच म्हणत नाही. मधुमेहाने शरीर पोखरलेलं होतं आणि १९१२ मध्ये पत्नी गेली ती ते मंडालेत असतानाच. पण खलाशाची बराक त्यात सापडणार नाही, म्हणून तिथून सुरुवात करू नकोस. (एक गोष्ट मात्र रत्नागिरीत थिबा पॅलेस बघायला गेलीस तर आठव. इंग्रजांनी मंडालेचा राजा थिबा १८८५ मध्ये कैद केला आणि रत्नागिरीला आणून ठेवला, तो १९१६ साली इथेच वारला. आणि रत्नागिरीत जन्मलेले टिळक त्याच्या मंडालेत सहा वर्षं. कैद्याला त्याच्या मुलखापासून तोडायचं, हा त्या राजवटीचा पक्का शिरस्ता होता.)

मी जे पहिलं पुस्तक सांगतेय ते बहुधा तुझ्या घरातच असेल: ‘श्यामची आई’.

साने गुरुजी तुझ्याच तालुक्यातल्या पालगडचे, हे तुला माहीत असणार. पण नाशिकच्या तुरुंगात ९ फेब्रुवारी १९३३ ला ते लिहायला बसले आणि १३ तारखेला पुस्तक पुरं केलं, हे शाळेत आपल्याला फारसं कोणी सांगत नाही. संस्कारांचं पुस्तक म्हणून ते हातात दिलं जातं आणि आपण परीक्षेपुरतं वाचून ठेवून देतो. आता ते तुरुंगातलं पुस्तक म्हणून वाच. तेहतीस वर्षांचा माणूस, आई जाऊन पंधरा वर्षं झालेली, टाळ्याआड बसून कोकणातलं आपलं घर, अंगण, पाऊस, आईचे हात एकेक आठवून कागदावर उतरवतोय. गोष्टीत श्याम आश्रमातल्या मित्रांना रोज रात्री प्रार्थनेनंतर एकेक आठवण सांगतो, म्हणून प्रकरणांना ‘रात्र पहिली’, ‘रात्र दुसरी’ अशी नावं आहेत. टाळं लागल्यानंतरचे तास मनात ठेवून ती नावं वाचलीस की तुझ्या लक्षात येईल, मी हे पुस्तक का सांगतेय.

त्यात एक प्रकरण आहे. श्याम दापोलीला शिकायला असतो. खाऊच्या पैशांतून पै-पै साठवून तो धाकट्या भावासाठी कोट शिवून घेतो आणि भर पावसात, ओढ्यांना पूर आलेला असताना, चालत पालगडला जातो. दापोली-पालगडचा रस्ता तुला पायाखालचा नसला तरी एस.टी.तून ठाऊक असेलच. हे प्रकरण आईला वाचून दाखव. पहिल्यांदा रडेल. रडू दे.

दुसरं, ‘गीता प्रवचने’. विनोबा पेण तालुक्यातल्या गागोद्याचे, म्हणजे हेही आपल्याच किनारपट्टीचे. १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात २१ फेब्रुवारीपासून १९ जूनपर्यंत दर रविवारी त्यांनी एकेका अध्यायावर प्रवचन केलं, अशी अठरा. आणि समोर बसून ती उतरून घेत होते साने गुरुजी. गीता वाचायची म्हणून नको, पण त्या रविवारांसाठी हे पुस्तक उघडून बघ. आठवड्यातला एक दिवस कोणी तरी आपल्याशी बोलणार आहे, एवढ्या आधारावर माणूस बाकीचे सहा दिवस काढतो. तुझ्या भावाच्या लेखी मुलाकातीचा दिवस तसा असतो. म्हणून मुलाकात चुकवू नकोस, आणि जमणार नसेल तर आधी पत्र टाक.

‘माझी जन्मठेप’ तू वाच, आईला वाचून दाखवू नकोस. सावरकरांना दोन जन्मठेपा झाल्या होत्या, मिळून पन्नास वर्षं. १९११ ला अंदमानात नेलं, १९२१ ला परत आणून रत्नागिरीच्या तुरुंगात ठेवलं, पुढे येरवडा, आणि १९२४ पासून रत्नागिरी जिल्ह्यात स्थानबद्ध. पुस्तक १९२७ चं. त्यांच्या राजकारणाबद्दल घरोघरी वेगवेगळी मतं आहेत, ती असू देत. एकांतकोठडी, काथ्या कुटणं, तेलाच्या कोलूला, म्हणजे घाण्याला, माणूस जुंपणं याचं इतकं जवळून केलेलं वर्णन मराठीत दुसरं मला माहीत नाही. फक्त साल विसरू नकोस. ते काळं पाणी होतं. तुझ्या भावाला कोणी कोलूला जुंपलेलं नाही. गुन्हा शाबीत नसलेल्या कैद्याला सक्तमजुरी नसतेच.

चौथं पुस्तक लक्ष्मण गायकवाडांचं ‘उचल्या’. १९८८ चा साहित्य अकादमी पुरस्कार त्याला मिळाला. हे राजबंद्याचं नाही, ज्यांना जन्मतःच चोर ठरवलं गेलं त्या लोकांचं आहे. इंग्रजांनी १८७१ मध्ये कायदा करून काही जमातीच्या जमाती गुन्हेगार ठरवल्या. मूल जन्मलं की तेही गुन्हेगार. तो कायदा गेला १९५२ साली, पण संशय मागे राहिला, आणि त्या संशयाखाली एक घर कसं जगतं ते या पुस्तकात आहे. पोलीस दाराशी येतात तेव्हा घरातल्या बायका-पोरांचं काय होतं ते राजबंद्यांच्या आठवणींत फारसं येत नाही, इथे येतं. भाऊ आत गेल्यापासून गावाच्या नजरेत तुमचं अख्खं घरच आत गेलंय, हे तू लिहिलं नाहीस तरी पत्रात दिसतंय. तुरुंगाच्या नियमपुस्तिकांत जातीवरून कामं वाटून देण्याचे नियम अगदी आत्ताआत्तापर्यंत होते. झाडलोट कोणी करायची, स्वयंपाक कोणी करायचा, हे जन्मावर ठरायचं. एका पत्रकार बाईंच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाने ३ ऑक्टोबर २०२४ ला ते घटनाबाह्य ठरवले. म्हणून ‘उचल्या’ जुन्या काळाची गोष्ट म्हणून वाचू नकोस.

आता तुझा इतिहासाचा प्रश्न. ‘ही पद्धत आली कुठून?’ हा प्रश्न मला फार आवडला, कारण उत्तर तुझ्या बंदरावरून दिसतं.

समोरचा सुवर्णदुर्ग १७५५ साली इंग्रजांनी तुळाजी आंग्र्यांकडून जिंकला. दुसऱ्या वर्षी विजयदुर्ग पडला आणि तुळाजी पेशव्यांच्या कैदेत गेले ते पुन्हा सुटलेच नाहीत. एका किल्ल्यातून दुसऱ्या किल्ल्यात हलवत हलवत त्यांचं आयुष्य संपलं. त्या काळात मोठ्या माणसाचा तुरुंग म्हणजे किल्ला. रत्नागिरीच्या किल्ल्यात सदाशिवरावभाऊंचा तोतया ठेवला होता, पानिपतात पडलेला भाऊ मीच, असं म्हणणारा. त्याचं म्हणणं किल्ल्यावरचा अंमलदार रामचंद्र नाईक परांजपे यालाच खरं वाटलं आणि त्याने कैद्याला सोडून दिलं. त्याच्यामागे फौज उभी राहिली, आणि १७७६ मध्ये पकडून त्याला पुण्यात देहान्त शासन झालं. अलिबागला गेलीस तर कान्होजी आंग्र्यांनी बांधलेला हिराकोट किल्ला बघ, पुढे त्याचा तुरुंगच झाला.

साध्या माणसाला मात्र किल्ला क्वचितच. त्याचा तंटा गोतसभेपुढे, म्हणजे गावकरी आणि जातभाईंच्या सभेपुढे जायचा. साक्षी व्हायच्या, निवाड्याचा महजर, म्हणजे निकालाचा कागद, लिहिला जायचा, आणि साक्षीपुराव्याने निकाल लागेना तर दिव्य. उकळत्या तेला-तुपातून धातूचा तुकडा हाताने काढायचा, मग हात बांधून त्यावर मोहोर करायची आणि काही दिवसांनी सोडून बघायचा. भाजला असेल तर खोटा. शिक्षा म्हणजे बहुधा दंड, जातीबाहेर टाकणं, हद्दपारी, क्वचित हात-पाय तोडणं. माणसाला ठरावीक वर्षं कोंडून ठेवणं हीच साध्या गुन्ह्याची नेहमीची शिक्षा, ही रीत इंग्रजी अमलात पक्की झाली. मुंबई इलाख्यात १८२७ ची एल्फिन्स्टनची नियमावली आली, मग १८६० चा दंडविधान आणि १८९४ चा तुरुंगांचा कायदा. तो १८६० चा दंडविधान ३० जून २०२४ पर्यंत चालू होता. तुझ्या भावावरचं कलम नव्या न्याय संहितेतलं असलं तरी ज्या भिंतीत तो बसलाय तिचे नियम पुष्कळसे त्या १८९४ च्या मुशीतले आहेत.

याच्या खोलात जायचं असेल तर वि. त्र्यं. गुणे यांचा मराठ्यांच्या न्यायव्यवस्थेवरचा ग्रंथ आहे, १९५३ चा, पुण्याच्या डेक्कन कॉलेजचा. इंग्रजीत आहे आणि जड आहे, पण जुन्या निवाड्यांच्या कागदांवर उभा आहे. त्याहून सोपा मार्ग म्हणजे १८८० चं रत्नागिरी-सावंतवाडीचं गॅझेटियर, मुंबई इलाख्याच्या मालिकेतला दहावा खंड. त्यात न्यायावर वेगळं प्रकरण आहे. जिल्हा वाचनालयात चौकशी कर, इंटरनेटवरही मिळतं. इंग्रजी अडलं तर गावातल्या एखाद्या शिक्षकाला घेऊन बस.

आणि एका परक्या माणसाची गोष्ट, जी तुझ्या अगदी उपयोगाची आहे. जॉन हॉवर्ड नावाचा इंग्लंडमधला जमीनदार १७७३ मध्ये बेडफर्डशायरचा शेरीफ झाला आणि आपल्या ताब्यातला तुरुंग बघायला गेला. तिथे त्याला निर्दोष सुटलेली माणसं कोंडलेली दिसली. कारण? तुरुंगाधिकाऱ्याला पगार नव्हता, तो कैद्यांकडून फी घ्यायचा, आणि फी भरेपर्यंत सुटलेल्यालाही बाहेर सोडत नव्हता. हॉवर्डने मग देशभरचे तुरुंग पालथे घातले आणि १७७७ मध्ये त्यांच्या स्थितीवर पुस्तक काढलं. तुरुंगसुधारणेचा इतिहास बहुतेक जण तिथून सांगायला लागतात. आज आपल्याकडे ती फी नाही. पण जामीन मंजूर झालेला आणि जामीनदार मिळत नाही म्हणून आतच बसलेला माणूस आहे. माझ्या पेटीतली पुस्तकं वाचणाऱ्यांत असे दोघे होते. एकाचा जामीन होऊन सात महिने झाले होते.

म्हणून मी तुला एक निकालपत्रही वाचायला सांगते. मोतीराम विरुद्ध मध्य प्रदेश राज्य, १९७८. मोतीराम गवंडी होता. खालच्या न्यायाधीशांनी दहा हजारांचा जामीनदार मागितला, आणि भाऊ उभा राहिला तर त्याची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात आहे म्हणून नाकारला. सर्वोच्च न्यायालयाच्या न्यायमूर्ती कृष्ण अय्यरांनी ते चूक ठरवलं: गरिबाकडून त्याच्या ऐपतीबाहेरचा जामीन मागायचा नाही आणि जामीनदार परजिल्ह्यातला म्हणून परत पाठवायचा नाही. आणखी एक, सुनील बात्राचं १९८० चं. तिहारमधल्या या कैद्याने दुसऱ्या एका कैद्याचा वॉर्डरने, म्हणजे तुरुंगाच्या पहारेकऱ्याने, केलेला छळ न्यायमूर्तींना पत्र लिहून कळवला आणि न्यायालयाने त्या पत्रालाच याचिका मानलं. निकालपत्रं इंटरनेटवर फुकट मिळतात. तुरुंगाबद्दल मी वाचलेलं सर्वांत धीराचं लिखाण त्यांतच आहे.

हा कॉलम पुस्तकांचा आहे, तरी दोन गोष्टी लिहिल्याशिवाय राहवत नाही. तुरुंगात असलेल्या माणसाला सरकारी खर्चाने वकील मिळतो, त्याची कमाई कितीही असो. १९८७ च्या विधी सेवा कायद्यातच तसं आहे. जिल्हा न्यायालयात विधी सेवा प्राधिकरणाचं ऑफिस असतं, फोन १५१०० हा फुकटचा. दुसरी गोष्ट, नव्या नागरिक सुरक्षा संहितेचं कलम ४७९. पहिल्यांदाच गुन्ह्यात सापडलेल्या माणसाने त्याच्यावरच्या गुन्ह्याच्या कमाल शिक्षेच्या एक तृतीयांश काळ आत काढला, तर त्याला बंधपत्रावर सोडायचं असतं आणि तसा अर्ज तुरुंग अधीक्षकांनीच न्यायालयात करायचा असतो. फाशी-जन्मठेपेच्या कलमांना हे लागू नाही, एकाहून जास्त खटले चालू असतील तरी नाही. तुमचं कलम यात बसतं का, एवढंच वकिलांना विचार.

भावाला पुस्तक जरूर पाठव. मुलाकातीच्या खिडकीवर आधी विचारून घे, पुस्तकं कोणत्या दिवशी आणि कोणाकडे द्यायची ते. अधीक्षकांच्या नावे साधा अर्ज सोबत ठेव. तपासल्याशिवाय काही आत जात नाही. जाड पुठ्ठ्याच्या बांधणीचं देऊ नकोस, पातळ कव्हराचं दे. आत चिठ्ठी, नोट, खुणेचा दोरा काही ठेवू नकोस आणि कोणी पेन्सिलीने शब्दांखाली रेघा ओढल्या असतील तर खोडून टाक, उगीच संशय नको. तो वाचणारा नाही म्हणतेस, त्याची काळजी नको. माझ्या पेटीतून सर्वांत जास्त पुस्तकं नेणारा माणूस आत येण्याआधी फक्त लॉटरीचा निकाल वाचायचा.

मुलाकातीत ‘कसा आहेस’ विचारलंस की तो ‘बरा’ म्हणेल आणि दोघंही गप्प बसाल. त्यापेक्षा विचार की शेजारी कोण झोपतं, वकील भेटून गेला का, पुढची तारीख कोणती लागली, माझी पत्रं मिळाली का. घरी येऊन तो जे बोलला ते तारखेसकट वहीत उतर. वकिलांना ते लागेल. आणि हर्णैच्या खलाशाने तुरुंगात दिवस कसे काढले, हे अजून कुठल्या पुस्तकात आलेलं मी तरी पाहिलेलं नाही.

‘श्यामची आई’ दोन प्रती घे, एक त्याला, एक घरी. आईने आणि त्याने एकाच रात्री एकच प्रकरण वाचायचं असं ठरवून टाका. आईला तू वाचून दाखव. म्हणजे लिलावातून येऊन तिने विचारलं, तो आत्ता काय करत असेल, तर तुझ्याकडे उत्तर असेल. त्याच्या प्रतीत शेवटच्या पानावर एक कोरा कागद डिंकाने चिकटव, तारखा लिहायला. आणि तो कितव्या रात्रीपर्यंत आला, ते मला कळव.

तुझी,
मावशी